जेवणाचं नाव काढू नकोस

माइकमामांना घरात पाणी हवं असलं, तर ते "पाणी दे गं" असं कधी म्हणत नसत. स्वयंपाकघराकडे तोंड करून ते घसा साफ करत आणि म्हणत, "आता मी सौभाग्यवती सुशीलाबाईंना विनंती करतो, की त्यांनी पाण्याचा तांब्या घेऊन यावं." मामी आतूनच ओरडायच्या, "हात आहेत ना? उठा आणि घ्या." मग मामा "धन्यवाद" म्हणून उठत आणि पाणी पिऊन येत.

ग्वाल्हेरातल्या शिंदे की छावनी या वस्तीत आमच्या घरासमोर ते राहायचे. सख्खे मामा ते कोणाचेच नव्हते. सरकारी कचेरीत टपालाची आवक-जावक सांभाळत, पण ती नोकरी त्यांनी फावल्या वेळात केली असं सगळे म्हणत. खरं काम म्हणजे ग्वाल्हेरच्या मराठी लग्नांत माइकवर उभं राहणं. माझ्या आईच्या लग्नात तेच होते, माझ्या लग्नात तेच होते, आणि दोन्ही वेळा त्यांचा कोट तोच होता.

आम्ही इथले मराठी लोक दक्षिणेतून आलो त्याला पिढ्यान् पिढ्या झाल्या. बोलण्यात हिंदी शिरली, पंगतीत पनीर शिरलं, मानपान मात्र होता तसा राहिला. कोणाचे खापरपणजोबा दरबारात कितव्या ओळीत बसत, हे बाड्यावरच्या बाजारात मोबाइलची कव्हरं विकणाऱ्यालाही तोंडपाठ असतं. आमच्यात दादासाहेब आणि बक्षीसाहेब अशी दोन मानाची घराणी. दादासाहेब विम्याच्या पॉलिसी विकतात, बक्षीसाहेब कोचिंग क्लास चालवतात, पण लग्नात नारळ-शेला घ्यायला आधी कोणाला बोलवायचं, यावरून अजून तलवारी निघतील अशी परिस्थिती. मामांनी तोडगा काढला होता. "एकाला सगळ्यांत आधी बोलवायचं आणि दुसऱ्याला सगळ्यांत शेवटी. पहिल्याला वाटतं आपण पहिले. शेवटच्याला वाटतं आपल्यासाठीच सगळे थांबले होते." पुढच्या लग्नात ते क्रम उलटा करत. दोघंही खूश असत.

दोन वर्षांपूर्वी दिवाळीनंतर मामांच्या घशाचं ऑपरेशन झालं आणि आवाज गेला. कानाशी तोंड आणलं तर नुसता वारा ऐकू यायचा, आणि डॉक्टरांनी तोही खर्च करायला मनाई केली होती. मग मामा लिहून बोलायला लागले. आयुष्यभरात आलेल्या सगळ्या लग्नपत्रिका त्यांनी जपून ठेवल्या होत्या. त्यांच्या कोऱ्या पाठीवर ते लिहीत. मामींना चहा मागतानासुद्धा "विनंती" हा शब्द गाळत नसत.

त्यानंतरच्या माघात माझ्या धाकट्या बहिणीचं, मीराचं लग्न होतं. मुलगा पुण्याचा. मामा नाहीत म्हटल्यावर बाबांनी पडावजवळच्या एका इव्हेंटवाल्याकडून अँकर ठरवला होता. लग्नाच्या आदल्या दिवशी सकाळी इव्हेंटवाल्याचा फोन आला, "सर, अँकर की तबीयत डाउन है." संध्याकाळी त्याच अँकरची रील माझ्या मोबाइलवर आली. कुठल्याशा फार्महाउसवर तो नवऱ्याच्या मित्रांबरोबर नाचत होता. तब्येत बरीच सुधारलेली दिसली.

"आता काय करायचं गं?" सकाळी फोन ठेवताच बाबा डोक्याला हात लावून बसले होते. "पुण्याची माणसं बस भरून येणार. इज्जत का सवाल आहे. ते आधीच म्हणतात, ग्वाल्हेरवाल्यांना मराठी येत नाही."

म्हटलं, मामांना विचारू, कोणी सुचलं तर, आणि बाबांना घेऊन समोर गेले. मामांनी सगळं ऐकून घेतलं, एक जुनी पत्रिका उलटी केली आणि लिहिलं, 'हीच करेल.' मी म्हणजे एक प्राथमिक शिक्षिका. मोठ्या माणसांसमोर बोलायची मला सवय नाही. तसं मी सांगितलं, तर त्यांनी पुढे लिहिलं, 'शाळेत हजेरी घेतेस ना? लग्न म्हणजे मोठ्यांची हजेरी. फरक इतकाच, की इथे हजेरीत नाव नसलं तर माणूस जन्मभर बोलत नाही.'

दुपारी माझा वर्ग भरला. मामांनी दिवाणखान्यात खुर्च्या मांडल्या, पाहुण्यांची यादी माझ्या हातात दिली आणि स्वतः सगळे पाहुणे झाले. मी नाव घ्यायचं आणि त्यांनी त्या त्या माणसासारखं उठून यायचं. बक्षीसाहेब झाले तेव्हा गुडघा धरून उठले. दादासाहेब झाले तेव्हा नाव ऐकूच न आल्यासारखं करून आधी इकडेतिकडे पाहिलं. मामी दारात उभ्या राहून पदर तोंडाला लावून हसत होत्या. मी भराभर नावं घेत सुटले, तसा मामांनी हात वर केला आणि लिहिलं, 'नाव घेतल्यावर एक श्वास थांब. माणसाला खुर्चीतून उठायला तेवढा वेळ लागतो. तू थांबली नाहीस, तर तो अर्धा उठलेला राहतो. त्यासारखा अपमान नाही.'

असे नियम पत्रिकांमागून पत्रिकांवर उतरत गेले. 'शेरोशायरी नको. नवरा-नवरीचं लक्ष नसतं आणि बाकीच्यांना ती पाठ असते.' 'पुण्याच्या लोकांना घाबरू नकोस. आपलं मराठी कोणी ऐकतंय का, याची धास्ती त्यांनाही असते.' आणि शेवटचा नियम, खाली दोन रेघा मारून: 'अक्षता पडेपर्यंत जेवणाचं नाव काढू नकोस.' मला हसू आलं. मामा हसले नाहीत.

यादी पुन्हा वाचताना माझ्या लक्षात आलं, की तीत मामांचं नाव नव्हतं. मी विचारलं. त्यांनी लिहिलं, 'हजेरी घेणाऱ्याचं नाव हजेरीपटावर नसतं.' मला ते पटलं. आमच्या शाळेतही तसंच आहे.

लग्नाच्या सकाळी मी साडीला चार पिना जास्त लावल्या आणि माइक धरला. सुरुवात झकास झाली. मीराच्या सासूबाई मुद्दाम जवळ येऊन म्हणाल्या, "अय्या, तुमचं मराठी चांगलं आहे की!" तो 'की' मला अजून टोचतो, पण तेव्हा मी हवेत होते.

मुहूर्त अकरा सत्तेचाळीसचा. साडेअकरा झाले तरी नवरदेव खोलीबाहेर येईना. त्याचा फेटा ग्वाल्हेरचा माणूस बांधत होता आणि पुण्याचे तीन काका तो सुधारत होते. माझ्याजवळचं बोलणं संपलं. चपलांची सूचना देऊन झाली, रस्त्यात आडव्या लावलेल्या गाडीचा नंबर दोनदा सांगून झाला. मंडपात शांतता पसरली आणि सगळे माझ्याकडे बघायला लागले. तोंडातून निघून गेलं, "और एक सूचना आहे, मुहूर्तानंतर भोजन की व्यवस्था डावीकडच्या हॉलमध्ये आहे."

'मुहूर्तानंतर' कोणाच्याच डोक्यात शिरलं नाही. खुर्च्या सरकल्याचा आवाज झाला. सगळ्यांत आधी दादासाहेब उठले, आणि बोलावल्याशिवाय उठण्याची त्यांची ती आयुष्यातली पहिलीच वेळ असावी. मागोमाग छावनी उठली, बाडा उठला. अंतरपाट धरायला नेमलेले आमचे काकाही त्यात होते. पुण्याची मंडळी तेवढी बसून राहिली. त्यांतल्या एक काकू शेजारणीला म्हणाल्या, "इकडे आधी जेवतात वाटतं." मी माइकमध्ये "बसा, बैठिए, प्लीज" असं ओरडत होते. स्टेजच्या कोपऱ्यात बाबांचा चेहरा उतरला होता आणि मीरा आत बोहल्यावरच्या साडीत उभी होती. तिच्यावर अक्षता टाकायला समोर रिकाम्या खुर्च्या असणार होत्या, आणि ते माझ्यामुळे.

मामा नेहमीच्या सवयीनं कडेला, जेवणाच्या हॉलच्या दाराजवळ बसले होते. ते उठले आणि दारात उभे राहिले. हात जोडलेले. आडवे कोणाला आले नाहीत. स्टेजवरून मला त्यांचे ओठ हलताना दिसत होते. समोर येणाऱ्या प्रत्येकाचं ते नाव घेत होते, पूर्ण नाव, मागेपुढे 'श्रीयुत' आणि 'साहेब' सगळं लावून, आणि आवाज अजिबात नव्हता. नाव घेऊन झालं की एक श्वास थांबायचे. समोरचा माणूस ओशाळायचा आणि मागे वळायचा. बक्षीसाहेबांनी बाहेरच्या चाटच्या काउंटरवरून प्लेट उचललीसुद्धा होती. ती पाठीमागे लपवून ते जागेवर येऊन बसले. अंतरपाटवाले काकाही परतले.

अकरा सत्तेचाळीसला एकही खुर्ची रिकामी नव्हती. अंतरपाटावर हिरव्या चटणीचा एक अंगठा उमटलाय, तो व्हिडिओत नीट दिसतो.

पंगती उठल्यावर मामांनी माझ्या हातात पत्रिका ठेवली. 'बाकी ठीक. श्वास कमी पडला. जेवणाबद्दल नंतर बोलू.' ते बोलणं राहूनच गेलं. भाद्रपदात मामा गेले.

समाजाच्या हॉलमध्ये शोकसभा ठेवली होती. माइक लावलेला होता आणि त्याच्यामागे कोणी नव्हतं. लोक एकमेकांकडे बघत होते, मग माझ्याकडे बघायला लागले. मी उठले. समोर सगळी तीच माणसं होती, जन्मभर मामांनी ज्यांची नावं सन्मानानं घेतली होती. मामांचं नाव मात्र कोणी एकदाही माइकवरून घेतलं नव्हतं. मीराच्या लग्नात मी घेऊ शकले असते. हजेरीपटाची सबब मला पटली, कारण ती सोयीची होती. याची मला आजही लाज वाटते.

कोणीतरी हातात दिलेली बोलणाऱ्यांची यादी मी बाजूला ठेवली आणि म्हटलं, "श्रीयुत मधुकरराव त्र्यंबकराव देवस्थळे."

आणि एक श्वास थांबले.

दादासाहेब उभे राहिले. बक्षीसाहेब गुडघा धरून उभे राहिले. मग सगळा हॉल उभा राहिला. दोघांपैकी आधी कोण उठलं, ते कोणीच पाहिलं नाही.