मी काठावर, नंदा ओहळात

देवाची कृपा झालेल्या माणसाच्या चेहऱ्यावर म्हणे एक शांत तेज येतं. माझ्या चेहऱ्यावर ते शोधू नका, सापडणार नाही. श्रावणातल्या एका रविवारी तुंगारेश्वरच्या डोंगरात जे झालं, ते मला अजून नीट उमगलेलं नाही, आणि आरशात अजून तोच भांबावलेला माणूस दिसतो. मुळात मी भक्त म्हणजे कसला, तर एक डोळा पिंडीवर आणि दुसरा घड्याळावर. गिरीज गावातल्या आमच्या घरात देवघर आहे, त्यात महादेवाची लहानशी पिंडी आहे. माणिकपूरच्या कचेरीत निघण्याआधी मी तिच्यावर घाईघाईने पाणी घालायचो आणि घालता घालता देवाला कामं सांगायचो. मुलीचं बघ, साहेबांचं डोकं ताळ्यावर आण, वाडीतल्या केळींवर रोग येऊ देऊ नकोस. तो ऐकतो की नाही याची मला शंकाच होती. पण सांगून ठेवलेलं बरं, अशा हिशेबी बेताने मी सांगत असे.

माझी बायको नंदा हिचं तसं नाही. ती गास गावची. तिची आई दर श्रावणात डोंगरावरच्या झऱ्याचं पाणी आणवून सोमवारी पिंडीवर घालायची. आई गेल्यावर ती रीत बंद पडली आणि नंदाला ते लागून राहिलं होतं. यंदा तिला कळलं की मधुरा नावाची एक मुलगी लहान गट घेऊन डोंगरातले धबधबे आणि झाडंझुडपं दाखवते. मधुरा कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवते, वनखात्याची परवानगी काढते आणि आठापेक्षा जास्त माणसं घेत नाही. नंदाने दोघांची नावं दिली आणि मग मला सांगितलं. आमच्याकडे हीच पद्धत आहे.

पायथ्याशी मधुराने सगळ्यांना गोल उभं केलं. "एकट्याने कुठे जायचं नाही. ओहळ ओलांडायचा तर माझ्यासोबत. पाणी गढूळ झालेलं दिसलं की विचार करत बसू नका, सरळ वर चढा," असं ती म्हणाली. मी मान डोलावली. पण खरं सांगायचं तर मनात हसलो. मी बावखलात पोहायला शिकलेला माणूस. बावखल म्हणजे आमच्या वाडीतलं, केळी-माडांना पाणी पुरवणारं लहान तळं. कमरेला केळीचा खुंट बांधून वडिलांनी मला त्यात ढकललं होतं, तेव्हापासून पाणी या विषयात माझं शिक्षण पूर्ण झालं अशी माझी समजूत होती. बावखलातलं पाणी जागचं हलत नाही, ही गोष्ट तेव्हा मला महत्त्वाची वाटली नाही.

वाटेत मी जमेल तेवढी अक्कल पाजळली. उतारावर एक रानकेळ दिसली, तर मधुराच्या आधी मीच माहिती द्यायला लागलो. "ही आमच्या राजेळी केळीची चुलत बहीण बरं का." मधुरा हसून म्हणाली, "असेल काका, पण हिच्यात नुसत्या बिया. खाऊन बघा, दात मोजायला लागतील." सगळे हसले. नंदा तर जरा जास्तच हसली.

पहिल्या धबधब्याच्या बाजूला, कातळाच्या भेगेतून तो झरा येत होता. बोटाएवढी धार, पण पाणी असं की हात घातला तर हाडापर्यंत गार. नंदाने चपला काढल्या, नमस्कार केला आणि नवी कोरी बाटली भरली. डोळे पुसले तेही मी पाहिलं. बाटली माझ्या पिशवीत ठेवताना म्हणाली, "सांभाळा हं. उद्या पिंडीवर घालायचंय." मग मधुराने एकेकाचा हात धरून आम्हाला दगडांवरून ओहळ ओलांडून दिला. पाणी घोट्याएवढं होतं. पलीकडे थोडं चढून दुसऱ्या धबधब्यासमोर आम्ही डबे उघडले.

आणि तिथे मी ते पाणी प्यायलो.

मुद्दाम नाही हो. ठेचा तिखट होता, पिशवीत हात घातला, जी बाटली हाती आली ती तोंडाला लावली आणि अर्धी संपवल्यावर लक्षात आलं की हे पाणी फारच गार लागतंय. आता उष्टं पाणी देवाला चालत नाही, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक. नंदा पाठमोरी बसून एका बाईंना पातवडीची कृती सांगत होती. तिला सांगितलं असतं तर काय झालं असतं? रागावली असती, मग मधुराने सगळ्यांना घेऊन परतताना पुन्हा झऱ्यापाशी थांबवलं असतं, संपलं. पण मी म्हटलं, आत्ताच्या आत्ता जातो, बाटली विसळून भरून आणतो, कुणाला पत्ता लागणार नाही. "जरा आडोशाला जाऊन येतो," असं म्हणून मी सटकलो. एकट्याने. मधुराशिवाय. ओहळ ओलांडून.

जाताना काहीच झालं नाही, आणि त्याने माझी छाती आणखी फुगली. झऱ्यापाशी बाटली विसळली, भरली, झाकण लावलं. वळतो तर पलीकडच्या काठावर नंदा उभी. कमरेवर हात. "अहो, आडोसा एवढा लांब असतो का?" असं ओरडत ती दगडांवर पाय टाकत माझ्याकडे यायला निघाली. ओहळाच्या मधोमध एक सपाट दगड होता, त्यावर ती टेकली आणि माझ्या हातातल्या बाटलीकडे बघून म्हणाली, "प्यायलात ना? प्यायलात ना तुम्ही?"

मी उत्तर जुळवत होतो तेवढ्यात वरून आवाज आला. हायवेवर जड गाड्यांची रांग एकदम सुरू व्हावी तसा. आमच्या डोक्यावर ऊन होतं, थेंब नव्हता. पाऊस वर कुठेतरी माथ्यावर कोसळला होता. आधी पाचोळा आला, मग काटक्या, मग पाणी लाल झालं. त्यानंतरचं मी पाहिलं पण मला समजलं नाही. जिथून मी चालत आलो होतो ते दगड तिथे नव्हतेच. माझी बायको पाण्याच्या मध्ये एका दगडावर होती आणि तो दगड लहान होत चालला होता.

मी उडी मारली. बावखलातला पोहणारा ना मी! पहिलं पाऊल गुडघाभर पाण्यात पडलं, दुसरं पडलंच नाही. त्या पाण्याने मला उचललं, उलटं केलं आणि काठावरच्या झाडाच्या मुळांत फेकून दिलं, घरातला केर केरसुणीने बाहेर टाकावा तसं. उठलो तेव्हा एका पायात बूट नव्हता, हातात बाटली नव्हती आणि गुडघा फुटला होता. तोवर पलीकडे मधुरा धावत आली होती. तिच्याकडे दोर होता. मागे बाकीची माणसं. पहिल्यांदा फेकलेला दोर वाहून गेला. दुसऱ्या खेपेला बरोबर नंदाच्या खांद्यावर पडला. ती हात वर करेना. दगडाला मिठी मारून, डोळे गच्च मिटून बसली होती आणि पाणी तिच्या कमरेला लागलं होतं. दोर खांद्यावरून घसरला. मधुराने तो ओढून पुन्हा फेकला, पुन्हा तेच. मी नंदाचं नाव घेऊन घसा फोडत होतो, पण त्या आवाजात माझाच आवाज मला ऐकू येत नव्हता.

मला लाज वाटते सांगायला, त्या क्षणी मला एकही स्तोत्र आठवलं नाही. इतकी वर्षं रोज म्हटलेलं. कामं सांगायचीही सवय मोडली. वाचव, असंसुद्धा म्हणता आलं नाही. मी मटकन चिखलात बसलो आणि तोंडातून एवढंच निघालं, "महादेवा, मला काही येत नाही रे." प्रार्थना म्हणायची तर एवढीच. तिच्यात मागणं नव्हतं. ती नुसती कबुली होती.

"सरक बाजूला," कुणीतरी म्हणालं.

माझ्या शेजारी एक बाई उभी होती. वयस्कर, काळीसावळी, लुगडं गुडघ्यावर खोचलेलं, डोक्यावर रानभाजीचा भारा. माझ्याकडे तिने पाहिलंही नाही. एका हाताने भारा सावरला आणि दुसरा हात उगारून ओरडली, "ए बायो! झोपलीस काय तिथं? डोले उघड! पानी चढतंय, दिसत नाय? दोरी घाल कमरेला! घाल म्हनते ना!" ओरडणं कसलं, धपाटाच तो. लहान पोर चुलीजवळ गेलं की आई ओरडते तसं. त्यात दयामाया काही नव्हती.

आणि नंदाने डोळे उघडले. मी शपथेवर सांगतो, तिच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, वैताग होता. उठवल्यावर पोरींच्या चेहऱ्यावर असतो तो. तिने ओठ हलवले, मधुराने पुन्हा फेकलेला दोर हातात घेतला, कमरेभोवती फिरवला, गाठ मारली. मधुराने आणि बाकीच्यांनी ओढलं. मध्ये ती पूर्ण पाण्याखाली गेली. तेवढा वेळ मी या जगात नव्हतो. मग पलीकडच्या काठावर तिचं डोकं वर आलं, मग खांदे, आणि मग ती चौघांच्या हातांत खोकत होती.

मी वळलो तेव्हा बाई वाटेला लागली होती. "मावशी! अहो मावशी, थांबा!" अशी हाक मारली. मागे न बघता तिने नुसता हात हलवला, माशी उडवावी तसा, आणि कुड्याच्या झाडांमागे दिसेनाशी झाली. माझा गुडघा मला दोन पावलंही टाकू देईना.

पाणी उतरेपर्यंत मी या काठावर आणि नंदा त्या काठावर. मधुराने खुणेनेच बजावलं होतं की जागचं हलायचं नाही, आणि आयुष्यात पहिल्यांदा मी सांगितलेलं ऐकलं. नंदा कुणाच्या तरी जाड ओढणीत गुंडाळून बसली होती, मी एका बुटावर. मधून लाल पाणी. बोलता येत नव्हतं, जाता येत नव्हतं, करण्यासारखं काही उरलंच नव्हतं. आम्ही एकमेकांकडे बघत राहिलो. इतक्या वर्षांच्या संसारात एवढा वेळ तिच्याकडे मी कधी पाहिलं नव्हतं.

ओहळ उतरल्यावर मधुराने दोर धरून सगळ्यांना माझ्या काठावर आणलं. मी म्हटलं, "प्यायलो होतो मी पाणी." नंदाने माझ्या खांद्यावर दोन बुक्के मारले आणि मग तिथेच कपाळ टेकून रडली. मधुरा खाली बघून दोर गुंडाळत राहिली. ती बोलली असती तर बरं वाटलं असतं.

घरी परतल्यावर मी त्या बाईचा विषय काढला. नंदा म्हणाली, "कोण बाई? मला कुणी दिसलं नाही. त्या पाण्यात काही ऐकूसुद्धा येत नव्हतं."

"मग डोळे कशाने उघडलेस?"

तिने देवघरातली वात सारखी केली. मग म्हणाली, "आई रागावली असं वाटलं. उठत नाही म्हणून."

मधुराने बाई पाहिली होती, बाकीच्यांनीही. म्हणजे ती होती. पुढच्या रविवारी, गुडघा नीट वाकत नसताना, मी तुंगारेश्वरच्या देवळाजवळच्या पाड्यांवर विचारत फिरलो. भाजीला रानात जाणाऱ्या बायका पुष्कळ, तुम्ही म्हणता ती कोणती? असं सगळे विचारायचे. मला तिचा चेहराही नीट सांगता येईना. ती कोण होती आणि नंदाला काय ऐकू आलं, याची जुळणी मी करत नाही. माझं डोकं त्या कामाचं नाही, हे मी ओहळाच्या काठावर कबूल करून बसलो आहे. आजही कधी कचेरीत फाईल उघडताना एकदम ते लाल पाणी डोळ्यांसमोर येतं आणि हात जागीच थांबतात.

पूजा चालूच आहे. फरक एवढाच की पाणी घालताना मी देवाला कामं सांगत नाही. मुलगी त्याची, केळी त्याच्या, साहेबसुद्धा त्याचेच. मी हात जोडतो आणि नुसता बसतो. घड्याळाकडे बघायचं विसरतो. मग स्वयंपाकघरातून आवाज येतो, "अहो, ऑफिसला जायचंय की समाधी लावलीत? चहा गार झाला ना!"

मी ताबडतोब उठतो. त्या आवाजाला आता मी कधीच थांबायला लावत नाही.