ट्रेडमिलला फेटा

म्हैसूरच्या बोगादी भागातल्या त्या घरात सून म्हणून आल्यावर शर्वरी पहिली गोष्ट शिकली ती ही, की सासूने, गिरिजाबाईंनी, एखादं काम मनावर घेतलं की बाकीच्यांनी निमूट वाट सोडायची. बाई मूळच्या मंडी मोहल्ल्यातल्या. पूर्वज म्हैसूरच्या फौजेत घोडेस्वार. घोडे गेले, फौज गेली, लगाम मात्र बाईंच्या हातात राहिला. नवरा रेल्वेच्या वर्कशॉपात, पगार बेताचा. बाईंनी ब्लाऊज शिवशिवून घर वर आणलं. शिवलेले ब्लाऊज जयलक्ष्मीपुरमच्या प्रोफेसरणींना पोचवायला बसची वाट पाहावी लागते, म्हणून पन्नाशी उलटल्यावर स्कूटर शिकल्या. मागे बसायला नवरा भ्यायला, पुढे बसायला त्या भ्यायल्या नाहीत.

शर्वरी कोल्हापूरची. माहेरच्या वळणाप्रमाणे ती सासूला आत्या म्हणायची आणि सासऱ्यांना मामा. कन्नडमध्ये सासूला ‘अत्ते’च म्हणतात, त्यामुळे शेजारच्या वरलक्ष्मीचा समज झाला की ही सून कन्नड शिकूनच आली आहे. शर्वरीचाही हळूहळू तसा समज होऊ लागला होता, आणि पुढचा घोटाळा तिथेच झाला.

पण आधी ट्रेडमिलचं सांगायला हवं. फत्तेसिंगराव, म्हणजे मामा, तरुणपणी तालमीतले. दसऱ्याच्या मैदानात कुस्त्या मारलेला गडी. उतारवयात साखर वाढली, डॉक्टर म्हणाले चाला. आता बोगादीत चालायला रस्ते काय कमी आहेत? मामा रोज सकाळी कोपऱ्यापर्यंत जात, चार माणसांशी गप्पा मारून येतही. पण त्यांचा मुलगा नागोजीराव, शर्वरीचा नवरा, हुशार पडला. हुशार मुलांना सरळ उपाय सुचत नाहीत. त्याने वरच्या मजल्यावर, हॉलच्या मधोमध, घोड्याएवढी ट्रेडमिल आणून उभी केली. ‘रस्त्यावर कुत्री असतात बाबा, घरातच चाला.’

मामा चढले. बघायला वरलक्ष्मी आली होती. मामांनी दाबायचं ते बटण सोडून भलतंच दाबलं, पट्टा सुसाट सुटला, आणि मैदान मारलेला तो मल्ल क्षणात फरशीवर उताणा. हाड मोडलं नाही. ‘मुद्दामच उतरलो,’ मामा म्हणाले, म्हणजे पडलो तरी नाक वर. सगळे हसले, तेही हसले. फक्त गिरिजाबाई हसल्या नाहीत. कारण पैलवानाची पाठ जमिनीला टेकली म्हणजे काय होतं, हे त्या घरात त्यांनाच ठाऊक होतं.

त्या दिवसापासून मामा ट्रेडमिलवर चढले नाहीत, आणि जिनाही उतरले नाहीत. वरलक्ष्मीने पाहिलं म्हणजे बोगादीने पाहिलं, आता कोपऱ्यावर कुठल्या तोंडाने जायचं? ते खुर्ची घेऊन बसू लागले, तीही नेमकी ट्रेडमिलसमोर. मशीनवर टॉवेल वाळायला लागले. मामांची साखर चढत गेली, गुडघे आखडत गेले. उठताना खुर्चीचे हात धरावे लागायला लागले. आधी गप्पिष्ट असलेला माणूस जेवायला हाक मारली तरी नुसता ‘हूं’ म्हणायला लागला.

‘हे मशीन घरात आहे तोवर हे उठायचे नाहीत,’ गिरिजाबाई मुलाला म्हणाल्या.

‘अम्मा, काढून टाकलं तर बाबांना वाटेल आपण त्यांची आशाच सोडली,’ नागोजीराव म्हणाला. तेही खोटं नव्हतं. खुद्द मामांना विचारलं तर म्हणत, ‘बेडा, काढू नका. राहू दे. चढतो मी, स्वल्प दिवस जाऊ देत.’ नको तर नको, पण चढतही नाहीत. सांगताही येत नाही आणि सहनही होत नाही, असं ते अवघड जागेचं दुखणं हॉलमध्ये ठाण मांडून बसलं.

तरी बाईंनी गिऱ्हाईक शोधायला सुरुवात केलीच. तेव्हा कळलं की घरोघरी मातीच्याच चुली आहेत. वरलक्ष्मी म्हणाली, ‘अय्यो, तुमचं कशाला, आमचंच न्या की! त्याच्यावर लोणच्याच्या बरण्या ठेवल्यात सुम्ने, उगीच.’ मंडी मोहल्ल्यातले चुलतभाऊ गंगाधरराव म्हणाले की त्यांच्याकडची सायकल, म्हणजे जागच्या जागी मारायची ती, नातवाचा झोका अडकवायला उपयोगी पडते, दुसरं धूड नको. उभ्या म्हैसुरात जणू लोकांनी चालायची यंत्रं घेऊन बसायचंच ठरवलं होतं. शेवटी कंटाळून गिरिजाबाई स्वयंपाकघरात सुनेजवळ हळूच म्हणाल्या, ‘कुणी नाही घेतलं तर मत्ते काय, गुजरीला घालावं म्हणते.’

शर्वरीला हसूच फुटलं. गुजरी तिला माहीत नसेल तर कुणाला? कोल्हापुरात गुजरी म्हणजे सोनारांची पेठ. तिचं स्वतःचं मंगळसूत्र गुजरीतलं. ती तशीच हसत हॉलमध्ये गेली. मामांना जरा हसवावं, एवढाच तिचा हेतू. ‘मामा, ऐकलंत का? आत्या ट्रेडमिल गुजरीला घालायची म्हणतात! सोनार काय तिच्या पाटल्या पाडणार आहे?’

मामा हसले नाहीत. त्यांनी मशीनकडे बोट केलं. मग म्हणाले, ‘बरोबर आहे तिचं. गाडी येईल तेव्हा मलाही तिच्यातच घाला. दोन फेऱ्या कशाला?’

त्या रात्री ते जेवले नाहीत. सकाळी साखरेची गोळी तशीच बशीत राहिली, दुसऱ्या दिवशीही राहिली. नागोजीरावाने कपाळावर हात मारून बायकोला सांगितलं, तेव्हा तिला उलगडा झाला: म्हैसुरात गुजरी म्हणजे भंगारवाला. शर्वरीला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. रडत रडत ती सासूपुढे उभी राहिली.

‘तू कशाला रडतेस?’ गिरिजाबाई म्हणाल्या. ‘तुमच्या गुजरीत सोनं, आमच्या गुजरीत भंगार. त्याला तू काय करणार? शब्द माझाच चुकला. माणसाच्या जोडीला त्याच्या घरात भंगार म्हणू नये.’

‘जोडीला म्हणजे?’

‘कुस्तीत समोर उभा असतो त्याला जोड म्हणतात. यांना त्यानं चीत केलंय. त्याला भंगार म्हटलं तर हे कोण झाले?’

शर्वरीला हे कधी सुचलं नव्हतं. खरं सांगायचं तर डॉक्टरला, नागोजीरावाला, कुणालाच सुचलं नव्हतं. सगळे गुडघे बघत होते, साखर बघत होते. बाईंनी शिलाई मशीन पुढे ओढलं, उरलेल्या ब्लाऊजपीसच्या पट्ट्या काढल्या आणि शिवत बसल्या. काय शिवताय म्हणून विचारलं तर म्हणाल्या, ‘बघशील.’

नवरात्रातली आयुधपूजा आली. म्हैसुरात त्या दिवशी घरातलं कुठलंच यंत्र उपाशी राहत नाही. शिलाई मशीनला हळदकुंकू लागलं, स्कूटरला हार घातला, मिक्सरला झेंडू, नागोजीरावाच्या लॅपटॉपलाही एक बोट कुंकू. तो कुंकवाचं ताट घेऊन ट्रेडमिलकडे वळला.

‘त्याला लावू नकोस.’ मामांचा आवाज इतक्या दिवसांनी मोठा निघाला. ‘मला पाडलं त्यानं. त्याला कुंकू कशाचं?’

‘मत्ते काय करतात पाडणाऱ्याला?’ गिरिजाबाई आतून आल्या. हातात पागोट्यासारखी लांबलचक पट्टी, जांभळ्या, हिरव्या, नारिंगी ब्लाऊजपीसची जोडून शिवलेली. ‘तुम्हीच सांगा. तुम्ही मैदान मारलंत तेव्हा हरलेल्यानं तुम्हाला घरात डांबून समोर खुर्ची टाकली होती काय?’

मामा त्या पट्टीकडे बघू लागले.

‘जिंकलेल्याला फेटा बांधतात आणि पुढच्या मैदानाला लावून देतात. हरलेला दुसऱ्या दिवशी तालमीत जातो. मी नाही, तुम्हीच सांगितलंय मला, लग्न होऊन आले तेव्हा.’ बाईंनी पट्टी उलगडली. ‘भंगार म्हटलं ते चुकलं माझं. तुमच्यासमोर, नागूसमोर, सुनेसमोर म्हणते, चुकलं. आता बांधू का फेटा?’

आणि त्या बांधायला लागल्या. ब्लाऊज शिवणाऱ्या बाईला फेटा कुठून बांधता येणार? ट्रेडमिलच्या दांड्याभोवती त्यांनी नुसती गुंडाळागुंडाळ चालवली. मामा दोन वेढे बघत राहिले. तिसऱ्याला त्यांना राहवेना. ‘असा बांधतात काय? पीळ कुठाय त्याला? सर!’ म्हणत ते खुर्चीचे हात रेटून उठले. फेटा सोडला, पुन्हा पीळ दिला आणि मन लावून बांधला, वर तुरा काढून. मग कुंकवाचं बोट त्यांनीच लावलं. त्यांचे डोळे ओले होते आणि ते लपवायच्या भानगडीत ते पडले नाहीत.

पाडणाऱ्याचं पुढचं मैदानही बाईंनी शोधून ठेवलं होतं. वेदवती, त्यांच्या एका जुन्या गिऱ्हाइकाची मुलगी, जयलक्ष्मीपुरमला आपल्या घराच्या पुढच्या खोलीत लकवा झालेल्या माणसांना पुन्हा चालायला शिकवायची. तिथे असं मशीन हवंच होतं. घरचं अन्न सोडून गावभर भीक मागत हिंडले, असं म्हणून बाईंनी स्वतःलाच चार शब्द सुनावले.

विजयादशमीला सकाळीच वेदवतीचा टेम्पो आला. मिरवणुकीची गर्दी शहरात, बोगादीला रस्ता मोकळा. चार गडी फेटा बांधलेली ट्रेडमिल घेऊन जिन्यात शिरले आणि वळणावर अडकले. ‘अरे, डावा खांदा खाली घे! एळी, एळी, ओढ! असा नाही रे!’ मामा वरून ओरडत होते. गडी ऐकेनात तसे ते कठडा धरून एक पायरी उतरले, मग आणखी एक. नागोजीराव धरायला धावला. गिरिजाबाईंनी त्याचा सदरा मागून असा पकडला की बटण तुटलं. ‘हात लावू नकोस,’ एवढंच म्हणाल्या.

वळण सुटलं. टेम्पोपर्यंत मामांच्या सूचना ऐकू येत राहिल्या. दोर असा बांधा, फेट्याला धक्का लावू नका. मग आवाज थांबले. टेम्पोचं इंजिन सुरू झालं. गिरिजाबाई गच्चीच्या कठड्याला आल्या. शर्वरीने बघितलं, त्यांनी कठडा दोन्ही हातांनी घट्ट धरला होता. स्कूटरवर न भ्यालेली बाई आता भ्याली होती. आता हा माणूस मागे वळणार, एकेक पायरी चढून पुन्हा खुर्चीत बसणार, असं तिला वाटत होतं. शर्वरीलाही तेच वाटत होतं.

‘गिरिजा!’ खालून हाक आली. ‘चप्पल टाक माझी!’

‘कुठं निघालात?’

‘त्याला पोचवायला. लकव्याची माणसं येतात तिथं, वेदवती घाईत असेल, कुणीतरी बटणं नीट सांगायला नको? मला ठाऊक आहे कुठलं दाबायचं नाही ते.’

गिरिजाबाई धावत आत गेल्या, धावत बाहेर आल्या. आयुष्यभर सुईत दोरा एका फटक्यात ओवलेली बाई, पण डोळे भरले की नेम राहत नाही. एक चप्पल टेम्पोच्या टपावर आपटली, दुसरी रस्त्यापलीकडे जाऊन पडली. ‘अय्यो,’ म्हणून त्या रडता रडता हसल्या. फत्तेसिंगराव हसले नाहीत की रागावले नाहीत. सणाच्या दिवशी दारादारात लोक उभे असताना ते अनवाणी रस्ता ओलांडून गेले, वाकले आणि आपली चप्पल आपल्या हाताने उचलून पायात घातली.