भिंतीवरचे दोन कागद

अमरावतीत माझ्या सकाळच्या फिरायच्या वाटेवर एका गृहस्थांचं दोन खोल्यांचं घर आहे. नाव मी कधी विचारलं नाही. कापड दुकानात तीस वर्षं तागे उलगडलेला माणूस. दुकान बंद पडलं आणि घराचे हप्ते थकले, एवढं त्यांनीच सांगितलं. बँकेनं दाराशेजारी जप्तीची नोटीस चिकटवली. त्यांनी कोर्टातून स्थगिती आणली आणि तिची प्रत नोटिशीशेजारी लावली, अगदी तेवढ्याच उंचीवर. दोन्हींवर प्लास्टिकही लावलं.

रोज सकाळी ते फडक्यानं दोन्ही कागद पुसत. मग दोन पावलं मागे सरून, एक डोळा मिटून, काठ जुळतात का ते बघत.

एकदा मी न राहवून विचारलं, "बँकेचा कागद काहून पुसता, भाऊ?"

"घर सध्या दोघायचं हाय," ते म्हणाले. "एकाचाच पुसला तं बरं दिसते का?"

बँकेसाठी मी चार शिव्या तयार ठेवल्या होत्या. त्या तशाच राहिल्या.

गेल्या आठवड्यात स्थगिती उठली. पंधरा दिवसांत घर रिकामं करा, अशी नवी नोटीस घेऊन बँकेचा माणूस आला, तेव्हा मी तिथंच होतो. त्यानं घाईत ती तिरपी लावली. हे दोन पावलं मागे सरले. एक डोळा मिटला.

"डाव्या बाजूनं जराशी खाली घ्या, सायेब," ते म्हणाले. "पंधरा दिवस आमालेच पाहा लागन."