बाजार थांबला होता

चित्रपट-मालिकांसाठी जुनी फिल्म शोधून देणं हा माझा धंदा. गंजका डबा उघडला, की व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो आणि मी सहा वर्षांची होऊन बेळगावच्या खडेबाजारात आईजवळ उभी राहते.

तेव्हा इंग्रजांचं राज्य होतं. मुंबईहून एकजण बाजाराची फिल्म घ्यायला आला होता. त्यानं कॅमेरा सुरू केला आणि अख्खा बाजार जागच्या जागी थांबला. आम्हाला ठाऊक होता तो फक्त फोटो काढणारा कॅमेरा.

“अहो, चाला की! हे हलतं चित्र आहे!” तो ओरडला.

“फोटू काढताना कुणी हलतंय व्हय?” हातातली तागडी तशीच धरून गूळवाले आप्पा पुटपुटले.

“हलू नगंस गं,” आईनं मला दटावलं आणि स्वतःच पदरानं माझं नाक पुसलं. फोटो बिघडवला म्हणून मी दिवसभर तिच्यावर रुसले.

आईचा एकही फोटो नाही. ती फिल्म अजून सापडलेली नाही. बिघडलेली समजून कुणी फेकलीही असेल. मी मात्र बघताक्षणी ओळखीन. सगळा बाजार स्तब्ध असेल आणि एकच हात हलत असेल.