पडद्यावरचं काळं

नवरा बोटीसकट बुडाला तेव्हापासून गारुफालियाने काळ्याखेरीज काही अंगाला लावलं नव्हतं. त्यांच्या गावी विधवा मरेपर्यंत काळ्यातच. पण लेक आसिमिना हटून बसली. "माझ्या लग्नात काळ्यात उभी राहणार असशील, तर मला लग्नच नको." शेवटी मेरीमातेपुढे दिवा लावून, तिला विचारून, गारुफालियाने गर्द लाल झगा शिवला. साखरपुड्याला घातलाही.

सासू स्टामाता भांडली नाही. फक्त सुनेच्या हातची कॉफी पिणं सोडलं.

"आई, कॉफी."

"ठेव तिकडे. मांजर पिईल."

तेवढ्यात अथेन्सहून टीव्हीवाले आले. जुन्या काळचं शोकनाटक मालिकेत बसवत होते. लढाईत मुलगे गमावलेली राणी, आणि तिच्याभोवती विलाप करणाऱ्या बायका. त्या बायका त्यांना इथल्याच हव्या होत्या. गारुफालियाचा गळा ऐकून दिग्दर्शक म्हणाला, "मावशी, उद्या काळं घालून या."

"एकदा उतरवलेलं काळं परत चढवलं तर लेकीच्या लग्नाला अपशकुन. मी नाही येत."

हे घरी कळलं तशी म्हातारी भिंतीकडे तोंड करून म्हणाली, "सगळं गाव रडणार, आणि आपल्या घरचंच कोणी नाही. माझा पोरगा कुणाचाच नव्हता म्हणायचा."

रात्रभर ते वाक्य गारुफालियाला टोचत राहिलं. सकाळी ती लाल झग्यातच चर्चसमोर जाऊन उभी राहिली. बायका कुजबुजल्या. दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. कॅमेरावाल्याने मात्र डोळा लावून पाहिलं आणि म्हणाला, "राहू द्या मावशींना. आपलं चित्रण कृष्णधवल. लाल इथे काळंच दिसतं."

मग ती रडली. राणीच्या मुलांसाठी म्हणून सुरू केलं, पण मध्येच बोट आली, वारा आला.

मालिका लागली तेव्हा कॉफीच्या दुकानातल्या एकुलत्या टीव्हीपुढे सारं गाव. स्टामाताला पुढची खुर्ची. पडद्यावर सून काळ्यात, तोंड आभाळाकडे. म्हातारी पालथ्या हाताने डोळे पुसत राहिली. मग पुढे वाकून बारीक बघू लागली.

"पाठीवरचा हूक साखरपुड्यातल्यासारखाच लोंबतोय. तो लालच झगा ना हा?"

गारुफालिया म्हणाली, "हो, आई."

पडद्यावरचा विलाप संपला.

"लग्नाआधी माझ्याकडे आण. टाका घालते," स्टामाता म्हणाली. "आणि कॉफी सांग. मांजर घरी आहे."