खांडेनवमीला उघडलेला सेल्फ

बाबांच्या दोन्ही किडन्या निकामी झाल्यावर माझा देवावरचा विश्वास उडाला नाही, पण त्याला एक कडवट चव आली. मी रोज संध्याकाळी दिवा लावायची आणि लावता लावता मनातल्या मनात भांडायची. हा माणूस जन्मभर दुसऱ्यांच्या धानाच्या बांधीत गुडघाभर चिखलात रोवणी करत राहिला. मला सायकलच्या दांडीवर बसवून परीक्षेच्या केंद्रावर नेलं आणि पेपर सुटेपर्यंत बाहेर उन्हात उभा राहिला. आमच्या घराण्यातली पहिली पदवी मला मिळाली ती त्याच्यामुळे, मी शाळेत शिकवायला लागले तीही त्याच्यामुळे. आता त्याच माणसाला मी पाणी मोजून देत होते. दिवसभरात एक लोटा, त्याच्यावर नाही, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. बाबा लहान मुलासारखे हात पुढे करायचे, "एक घोट दे वो माय, कोणाले सांगत नाही." मी नाही म्हणायची. बापाला पाणी नाकारणाऱ्या मुलीला देव काय देणार, असं वाटायचं.

आठवड्यातून दोनदा डायलिसिससाठी त्यांना गोंदियाला न्यावं लागे. त्यासाठीच मी एक जुनी चारचाकी घेतली होती आणि वयाच्या पस्तिशीत गाडी शिकले होते. त्या गाडीचा सेल्फ, म्हणजे इंजिनाला पहिला हिसका देणारी मोटर, काही दिवसांपासून कुरकुरत होता. किल्ली फिरवली की कधी नुसता 'कट्' आवाज येई, दुसऱ्या वेळी इंजिन उठे. दाखवायला हवं होतं. पण शाळा, घर, दवाखाना यांत ते राहून गेलं. दोष कुणाचा म्हणाल तर माझाच.

त्यात खांडेनवमी आली. आमच्याकडे त्या दिवशी नांगर, विळे, पाने-पकडी, गाड्या सगळ्यांची पूजा होते आणि एकदा पूजा झाली की दसऱ्यापर्यंत त्यांना कामाला लावत नाहीत. अवजारांनाही एक दिवस विसावा, अशी ती चांगली रीत आहे. आदल्या दिवशी मी गाडी धुवायला काढली. बाबा पडवीतल्या खाटेवरून सांगत होते, "बोनट उघड. खालून बी धू. देवापुढे मळकी गाडी नको." मी मोटरपंपाची नळी थेट इंजिनात सोडली. चिखल वाहून गेला, लोखंड चमकायला लागलं. मला फार समाधान वाटलं. सकाळी उठून झेंडूची माळ घातली, कुंकवाचं स्वस्तिक काढलं, नारळ फोडला आणि गावाच्या शिवेवर निंबाखाली असलेल्या गावदेवीला, मातामायला हात जोडले. त्याच दिवशी बाबांची डायलिसिसची पाळी होती. दवाखान्यात जाणं म्हणजे गाडीला कामाला लावणं नव्हे, अशी आम्ही समजूत करून घेतली आणि निघालो. सेल्फने घरीच दोनदा नकार दिला होता. तिसऱ्यांदा उचलला.

वाटेत सौंदडच्या रेल्वे फाटकाशी मालगाडीसाठी थांबावं लागलं. सवयीने मी इंजिन बंद केलं. फाटक उघडलं, किल्ली फिरवली, 'कट्'. पुन्हा फिरवली. एक घसटल्यासारखा आवाज आला आणि मग काहीच नाही. मागून हॉर्न सुरू झाले. चार माणसांनी गाडी ढकलत बाजूला घेतली. धक्का मारून चालू होईल म्हणून मी दुसरा गिअर टाकून क्लच सोडला, तर इंजिन फिरेना, चाकंच डांबरावर फरफटली. "इंजिनच जाम झाला मॅडम," म्हणून ती माणसं हात झटकून निघून गेली. बाजूच्या सीटवर बाबांचा श्वास वर लागला होता. चार दिवसांचं पाणी त्यांच्या अंगात साचलं होतं. पाय सुजून चपलेत मावत नव्हते. दुपारी बाराची पाळी होती आणि ती चुकली तर ते पाणी छातीत चढेल हे मला माहीत होतं.

रस्त्यालगतच एक गॅरेज होतं. आत लाल कापडावर पाने, हातोडे, जॅक ओळीने मांडलेले, सगळ्यांना हळद-कुंकू. मालक उदबत्ती लावत होता. मी हात जोडून सांगितलं. तो वाईट माणूस नव्हता, चेहरा पडला त्याचा. पण म्हणाला, "आज पान्याले हात नाही लावत बाई. उद्या दुपारून आणा, पयला नंबर तुमचा." माळा घातलेला एक ऑटो उभा होता. "आज नहीं मॅडम, नारियल फूट गया," एवढंच बोलून ऑटोवाला दुसरीकडे पाहू लागला. अँब्युलन्सला फोन केला, ती दुसऱ्या रुग्णाला घेऊन लांब गेली होती, वेळ लागेल म्हणाले. कुणावर रागवायचं? काल माझ्याकडे कुणी गाडी मागितली असती तर मीही हेच उत्तर दिलं असतं. मग मी मातामायवरच रागावले. तुझ्या पूजेसाठी धुतलेली गाडी तुझ्याच पूजेच्या दिवशी बंद पाडलीस, आता तुझ्या नावाने कुणी पानाही उचलत नाही, असं मी रस्त्यावर उभी राहून खरंच पुटपुटले.

फाटकाजवळ चहा विकणारी बाई हे सगळं पाहत होती. ती म्हणाली, "तो निळा झेंडा दिसून राहिला ना, त्याच्या बाजूले मिस्त्री हाय. तो पूजा-बिजा नाही करत. पण जल्दी जा, ते लोकं नागपूरले निघाले."

मी धावले. टिनाच्या शेडवर बुद्धाची तसबीर होती. समोर मेटॅडोर उभी, त्यात पांढऱ्या साड्यांतल्या बाया आणि पांढऱ्या शर्टातली माणसं दाटीने बसलेली. दुसऱ्या दिवशी दीक्षाभूमीवर पोहोचायचं म्हणून सारा मोहल्ला निघाला होता. पन्नाशीचा एक माणूस शेडला कुलूप लावत होता. त्यालाच मी गाठलं.

"हॉर्न जोरात वाजते?" त्याने विचारलं.

"हो."

"ढकलली तं चाक फरफटते?"

"हो, इंजिन जाम झालं म्हणतात."

"इंजिनाले काही नाही झालं. बॅटरी बी चांगली हाय. सेल्फचा दात अडकला." त्याने कुलूप उघडलं.

"काऊन उघडून राहिले?" बायको मेटॅडोरमधून ओरडली.

"दहा मिनिटं."

"तुमचे दहा मिनिटं मले लग्नापासून माहीत हायेत!" मेटॅडोरमध्ये हशा पिकला. ती मात्र हसली नाही, पिशवी घेऊन खाली उतरली आणि आमच्या मागे चालू लागली.

गाडीपाशी येऊन त्याने वरचा गिअर टाकला आणि गाडी मागे-पुढे हिसकून पाहिली. सेल्फचा छोटा दातेरी गोल पुढे सरकून इंजिनाच्या मोठ्या चाकात घुसतो आणि इंजिन फिरलं की मागे यायला हवा, तो मागे आलाच नाही, म्हणून सगळं जखडलंय, असं त्याने मला एखाद्या विद्यार्थ्याला सांगावं तसं सांगितलं. हिसक्यांनी सुटेना. त्याने बोनटमध्ये डोकावून वास घेतला.

"धुतली काय?"

"पूजेसाठी," मी म्हटलं.

"मशीनले आंघोळ कायले घालता ताई? तिले तेल पायजे." त्याने अंगातला कोरा पांढरा शर्ट काढून घडी घातली, बायकोच्या हातात दिली आणि पोतं टाकून गाडीखाली शिरला.

आधी बॅटरीची एक तार सोडली, मग सेल्फची जाड वायर. खालचा बोल्ट निघाला. वरचा गंजून बसला होता. पाना घसरला, त्याच्या बोटांची सालं निघाली, त्याने एक शिवी दिली आणि लगेच सीटवरच्या बाबांना "माफ करा बाबाजी" म्हणाला. मेटॅडोरने हॉर्न दिला. थोड्या वेळाने पुन्हा दिला. एक म्हातारा येऊन म्हणाला, "चाल ना गा, पोचाले उशीर होते." गाडीखालून आवाज आला, "तुम्ही व्हा पुढे. मी बस पकडून येतो."

तेवढ्यात त्याच्या बायकोने पितळेच्या पेल्यात पाणी आणून बाबांपुढे धरलं. बाबांची जीभ कोरडी पडली होती, ओठांना भेगा होत्या. एका घोटासाठी रोज माझ्याशी भांडणारे बाबा. त्यांनी पेल्याकडे पाहिलं, मग तिच्या बिनकुंकवाच्या कपाळाकडे, मग तोंड फिरवून घेतलं. "नको."

मला कळलं. आमच्या गावातल्या अशाच मोहल्ल्यातून बाबांबरोबर रोवणीला जाणारी जी माणसं घरी येत, त्यांचे कप पडवीच्या कोनाड्यात वेगळे असत. ते मी लहानपणापासून विसळत आले होते आणि पदवी मिळाल्यावरही त्यांची जागा मी बदलली नव्हती. मी घाईने म्हटलं, "त्यांना पाणी मोजून द्यावं लागतं. डॉक्टरांनी सांगितलंय." ते वाक्य खरं होतं. त्याच्याइतकं खोटं वाक्य मी आयुष्यात बोलले नाही.

"समजलं जी," ती म्हणाली. तिथेच उभी राहून तिने ते पाणी स्वतः पिऊन टाकलं, नवऱ्याचा शर्ट गाडीच्या टपावर ठेवला आणि मेटॅडोरकडे निघून गेली. जाताना तिने मागे वळून पाहिलं नाही.

सेल्फ निघाला तेव्हा त्यातून गढूळ पाण्याची धार लागली. मिस्त्रीने तो शेडमध्ये नेऊन उघडला. आतले कार्बन, म्हणजे मोटरला वीज पोचवणारे तुकडे, झिजून नखाएवढे उरले होते. दातेरी गोल ज्या दांड्यावर सरकतो तिथे चिखल आणि गंज बसला होता. सेल्फ आधीपासूनच मरायला टेकला होता, माझ्या पाण्याने शेवटचा धक्का दिला. त्याने सगळं रॉकेलने धुतलं, पॉलिश पेपरने घासलं, वाळवलं, दुसऱ्या एका जुन्या सेल्फचे कार्बन काढून याला बसवले. मग सेल्फ जमिनीवर ठेवून पायाने दाबून धरला आणि बॅटरीच्या दोन तारा लावल्या. तो गुरगुरला, दात टुणकन पुढे आला, तार काढताच मागे गेला. "हे पाहा," तो म्हणाला, आणि इतक्या वेळात पहिल्यांदा हसला. त्याने तो गाडीत बसवल्यावर मी किल्ली फिरवली तेव्हा इंजिन एका झटक्यात उठलं. त्याने एवढंच बजावलं, "आता गोंदिया येईपर्यंत बंद करू नका." मी त्याचं नावही विचारलं नाही. बाबा समोर काचेतून रस्ता पाहत राहिले.

दवाखान्यात पोहोचलो तेव्हा पाळी गेलेली होती. पण सणामुळे संध्याकाळचा एक रुग्ण आला नाही आणि त्याचं मशीन बाबांना मिळालं. नळीतून रक्त फिरायला लागलं, श्वास हळूहळू खाली बसला, आणि मी बाहेरच्या बाकावर बसून खूप रडले. आणखी थोडा उशीर झाला असता तर काही सांगता आलं नसतं, असं नर्स म्हणाल्या.

बाबा त्यानंतर सात महिने जगले. त्या सात महिन्यांत भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला त्यांनी ती हकीकत सांगितली. गाडी फाटकाशी बंद पडली, कुणी हात लावेना, मग त्यांनी डोळे मिटून मातामायचं नाव घेतलं आणि गाडी आपोआप चालू झाली. ऐकणारे हात जोडायचे. मातामायला आमच्या घरून साडी-चोळी वाहिली गेली. निंबाखाली दोन नव्या घंटा लागल्या. गाडीखालचा माणूस, त्याची सोललेली बोटं, निघून गेलेली मेटॅडोर, यांतलं काहीच त्या हकिकतीत नव्हतं. आणि मी, इतिहास शिकवणारी बाई, शेजारी उभी राहून चहा देत होते. आजारी बापाला काय दुखवायचं, असं मी स्वतःला समजावलं. खरं कारण वेगळं होतं. ती हकीकत मलाही सोयीची होती.

बाबा गेल्यावर मी सौंदडला गेले. त्याने मला ओळखलं नाही, गाडी ओळखली. "वरचा बोल्ट गंजलेली! सेल्फ कसा हाय?"

"एका दमात उचलतो."

"आन बाबाजी?"

मी सांगितलं. त्याने हातातला पाना खाली ठेवला. मग मी गावातली हकीकत त्याला सांगितली. जे बोलायला आले होते ते सगळं बोलले, पाण्याच्या पेल्याचंही. वाटलं होतं तो चिडेल. तो म्हणाला, "पाण्याचं मले घरी समजलं होतं. नवीन काय हाय त्यात?" मागून त्याची बायको बोलली, "देवीनं गाडी चालू केली म्हणते? मग पुढच्या वेळी देवीलेच बोलवा, आमची मेटॅडोर तरी नाही चुकणार."

मी विचारलं, त्या दिवशी बस मिळाली का.

"कायची बस? सगळ्या भरून गेल्या. पोरगा होतो तेव्हापासून एक बी साल चुकलो नव्हतो. तेवढं एक चुकलं."

मी माफी मागितली. त्याने मान हलवली, पण 'जाऊ द्या' म्हणाला नाही. त्याचं नाव लिहू का, असं विचारलं तर नको म्हणाला. म्हणून लिहिलेलं नाही.

मी आजही दिवा लावते. त्या दिवशी कृपा झाली हे मी नाकारू शकत नाही. मी रस्त्यावर उभी राहून शिव्याशाप देत होते, तरीही ती आली. पण कोणत्या हातांनी आली हे सांगायला मला बापाच्या मरणापर्यंत धीर झाला नाही, याची कडू चव प्रार्थना करतानाही जिभेवर असते. लहानपणी मला वाटायचं, शरण जाणं म्हणजे देवापुढे डोकं टेकणं. ते सोपं आहे, दगड आपल्याकडे काही मागत नाही. देव ज्याच्या हातून देतो त्या माणसापुढे मान वाकवणं, त्याचं जे गेलं ते आपल्याला परत करता येणार नाही हे मान्य करणं, आणि क्षमा मिळाली नाही तरी कृतज्ञ राहणं म्हणजे शरण जाणं, हे मला फार उशिरा कळलं. आता गावात कुणी ती हकीकत काढली की मी मध्येच थांबवते आणि काय घडलं ते सांगते. लोक नाराज होतात. काही जण माझ्याशी बोलत नाहीत. मातामाय रागावली असेल असं मला वाटत नाही.