आमच्या नर्सबाईंची मूळव्याध

आमच्या नर्सबाईंचा रामराम म्हणजे एकच प्रश्न, "पोट साफ झालं का?" लग्नाच्या मांडवात विहीणबाईलासुद्धा त्यांनी तोच विचारला होता, आणि बिचारीनं खरं उत्तर दिलं होतं.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. वसमतजवळच्या हट्टा गावाच्या पलीकडं आमचं गाव. तिथल्या आरोग्य उपकेंद्रात त्या, अन् शेजारच्या अंगणवाडीत मी मदतनीस.

हळदीच्या दिवसांत बाया हळूच यायच्या. रक्त पडतं, म्हणायच्या. कारण सगळ्यांचं ठरलेलं: हळद शिजवायला कढईजवळ बसलो, उष्णता बाधली. नर्सबाई चष्म्यावरून बघायच्या. "कढईजवळ बसलीस का कढईत? अगं, दिवसभर दाबून ठेवतीस, पाणी पीत न्हाईस, मग खडा व्हतो. खड्यापायी कुंथतीस, कुंथून कुंथून तिथल्या शिरा फुगत्यात. तीच मूळव्याध. हळदीला काहून बदनाम करून राहिली?"

बाया माना डोलवायच्या आणि पुन्हा दाबून ठेवायच्या. करतील काय? बाईमाणसानं उजाडायच्या आत जायचं, नाहीतर अंधार पडल्यावर, अशी रीत. गावाची सगळी अब्रू बायांच्या पोटात.

आता गंमत ऐका. नर्सबाईंच्या टेबलावर सकाळी भरलेला तांब्या संध्याकाळी तसाच असायचा. उपकेंद्राला संडासच नव्हता. एकदा लसीकरणाच्या दिवशी त्या भिंत धरून खाली बसल्या, ओठ पांढरेफटक. मी त्यांना वसमतला डॉक्टरकडं नेलं. मूळव्याध निघाली, तीही कैक महिन्यांची. अंगात रक्त राहिलं नव्हतं. "भरपूर पाणी प्या, दाबून ठेवू नका, कुंथू नका. नाहीतर ऑपरेशन करावं लागेल," डॉक्टर म्हणाले.

बाहेर आल्यावर म्हणाल्या, "माझंच भाषण मला म्हणून दाखवलं की गं त्यांनी! पण पाणी पिऊन जाऊ कुठं, ते न्हाई सांगितलं."

संडासासाठी अर्ज देऊन झाले होते. आता त्या ग्रामसभेतच उभ्या राहिल्या. सरपंच हसले, "बाई, संडासाचं एवढं काय घेऊन बसल्या?"

"मला मूळव्याध हाय, सरपंच. रक्त जातंय."

पुरुष आपापल्या चपला बघू लागले. मग मागून एक म्हातारी उठली, "मला बी हाय." मग तिची सून. मग आणखी कोण कोण. मीही उठले होते, खोटं कशाला बोलू?

संडास झाला. उद्घाटनाला तालुक्याचे साहेब येणार म्हणून दाराला फीत बांधली, नारळ आणला. दहाचे बारा वाजले तरी साहेबांचा पत्ता नाही. नर्सबाईंनी त्या दिवशी सकाळपासून हिमतीनं पाणी पिलं होतं. त्या उठल्या, बादली घेतली, फितीखालून वाकून आत गेल्या आणि कडी लावली.

तेवढ्यात जीप आली. सरपंच दाराशी घाबरेघुबरे, "बाई, साहेब आलेत, निघा की लवकर!"

आतून शांत आवाज आला, "चहा पाजा साहेबांना. कुंथायची मला मनाई हाय."